दोन रिळांचा अबोला

बुधवार, १ जुलै १९९२
स्टॅनमोर

काल रिटायर झालो. हॉस्पिटलच्या मंडळींनी केक कापला आणि ही चामडी बांधणीची वही भेट दिली. ऑपरेशन थिएटरची सिस्टर म्हणाली, "डॉक्टर, आता जे काही बोलायचं असेल ते हिच्याशी बोला." सगळे जरा जास्तच हसले. असो.

तीस वर्षं या साहेबाच्या देशात भूलतज्ज्ञ म्हणून काढली. हजारोंना झोपवलं आणि एकूण एक उठवला. माझ्याशी कुणी कधी वाद घातला नाही. ज्याच्या चेहऱ्यावर वाद दिसायचा त्याला मी शंभरापासून उलटे आकडे म्हणायला लावायचो. चौऱ्याण्णवच्या खाली फारसं कुणी उतरलं नाही. त्यामुळे चेहरे वाचण्यात माझा हात धरणारा कुणी नाही. समोरच्यानं तोंड उघडायच्या आत मला त्याचं म्हणणं कळतं. शैला म्हणते, म्हणूनच तुम्ही कुणाला तोंड उघडू देत नाही. बायकोची विनोदबुद्धी चांगली आहे.

गुरुवार, २ जुलै

सकाळी चहाच्या वेळी शैलाला आनंदाची बातमी सांगितली. पुण्याला धाकट्या भावाकडे, उदयकडे, फ्लॅटचा फॉर्म सही करून पाठवला आहे. कोथरूडला नवी स्कीम, तिसरा मजला, लिफ्ट. इथलं घर विकायला काढायचं आणि यंदाची दिवाळी पुण्यात. चार महिने मी हे सगळं एकट्यानं जमवत होतो, तिला सरप्राइज म्हणून.

तिनं कप खाली ठेवला. टेबल पुसलं. पुसलेलं टेबल पुन्हा पुसलं. मग वेलिंग्टन बूट चढवून अलॉटमेंटवर निघून गेली. अलॉटमेंट म्हणजे कौन्सिल भाजीपाला लावायला देते तो जमिनीचा पट्टा. नऊ वर्षं ती वेटिंग लिस्टवर होती. या मार्चमध्ये चौदा नंबरचा प्लॉट मिळाला आणि तेव्हापासून बाई मातीत खेळते आहे. चला, विरंगुळा हवाच.

बोलली मात्र काही नाही. मौन म्हणजे संमती, हे आपल्याकडे शाळकरी पोरालाही ठाऊक असतं. कंठ दाटून आला असणार. एवढं मोठं काम इतक्या सुखानं पार पडेल असं वाटलं नव्हतं.

रविवार, ५ जुलै

मेडनहेडला मीनलकडे गेलो होतो. लेक तिथे कॉम्प्युटरचं काहीतरी करते. काय ते दोनदा विचारलं, दोन्ही वेळा कळलं नाही. शैला आली नाही. फ्रिजवर चिठ्ठी होती: "प्लॉटवर. वरणभात कुकरमध्ये."

तिथल्या कार बूट सेलमध्ये, म्हणजे लोक गाडीच्या डिकीतून जुनं सामान विकतात त्या बाजारात, घबाड मिळालं! एका म्हाताऱ्याच्या टेबलावर चहाच्या किटल्यांमागे दोन चपटे पत्र्याचे डबे होते. आत फिल्म. मूकपट! काउबॉयचा! १९२७-२८च्या सुमाराचा. बोलपट येऊन दाराशी उभे होते तेव्हा असले दोन-दोन रिळांचे छोटे वेस्टर्न आठवड्याला एक या दरानं काढत. म्हाताऱ्याच्या आत्याच्या माळ्यावर सापडले म्हणे.

"बाबा, पण तुमच्याकडे प्रोजेक्टर आहे का?" मीनलनं विचारलं.

"आहे. हॉस्पिटलच्या लेक्चर हॉलमध्ये व्हिडिओ आला तेव्हा ते टाकून देत होते. मी वाचवला."

"आणि पुणेचा तुम्ही आईला सांगितला?"

"सांगितलं. खूश आहे."

"तिनी तसा सेड?"

"सांगायला कशाला हवं? तीस वर्षांचा संसार आहे."

ती माझ्याकडे बघतच राहिली. इथे जन्मलेल्या मुलांना न बोलता कळणं हा प्रकार माहीत नाही. सगळं फोड करून सांगावं लागतं.

मंगळवार, ७ जुलै

डायनिंग रूममध्ये पडदे ओढून, भिंतीला चादर ठोकून पहिला खेळ केला. प्रेक्षक मी एकटाच.

काय मजा! मधल्या संवादांच्या पाट्या कुठल्याशा भाषेत आहेत, डब्यावर कोपनहेगनचा शिक्का आहे, म्हणजे डेनिश असणार. मला पाट्यांची गरज काय? चेहरे वाचता येतात. गोष्ट अशी: उजाड माळावर एक झोपडी, एक विहीर आणि एक बिचारी बाई. दिवसभर राबते, विहिरीतून पाणी काढते, वाफ्यांना घालते. नवरा उंच, देखणा, घोड्यावरून गुरं हाकायच्या कामावर गेलेला. तो परत येतो. खिशातून कागद काढतो. त्यानं ती भिकार जागा एका मिशाळ माणसाला विकली आहे आणि तो तिला शहरात न्यायला आला आहे! बाई हाताची घडी घालून उभी राहते. कॅमेरा तिच्या चेहऱ्याच्या अगदी जवळ जातो. कृतज्ञतेनं ओठ घट्ट मिटलेले. डोळ्यांत पाणी. मलाही भरून आलं.

दुसऱ्या रिळात मिशाळ माणूस लबाड निघतो, मग पाठलाग. एकच दगड चार वेळा मागे जातो, घोडे मात्र जीव तोडून काम करतात. नवरा कागद परत मिळवतो आणि फाडतो, अर्थात नवा, पक्का कागद करायला. सामान भरलेली गाडी दाराशी उभी असते. पण तो घोडा सोडतो, त्याला पाणी दाखवतो, बाई विहिरीच्या काठावर बसते आणि फिल्म संपते. शहरातला भाग नाहीच! तिसरं रीळ हरवलेलं दिसतं. डब्यावर २/२ लिहिलंय, पण डेनिश कारकुनाची चूक असणार.

रविवार, १२ जुलै

शैलालाही माझ्या छंदाची गोडी लागली आहे! स्वतः बोलत नाही, पण चिठ्ठ्या लिहिते, थेट मूकपटातल्या पाट्यांसारख्या. फ्रिजवर रोज नवी. "दूध संपलं." "डेंटिस्ट, मंगळवार, सव्वाअकरा." "काहींच्या चपला जिन्यात आहेत." मी मोठ्यानं वाचून दाखवतो. ती हसू आवरत बाहेर जाते. निदान मला तरी तसं वाटलं.

शनिवार, १८ जुलै

माझा जुना मित्र राजीव आणि त्याची बायको शशी इल्फर्डहून जेवायला आले होते. राजीव तिकडे जीपी आहे. जेवण उत्तम. शैला दोघांशी भरभरून बोलत होती. प्लॉटवरची मेथी, शेजारच्या प्लॉटवरचे केन, त्यांनी तिला बटाट्यांना माती कशी लावायची ते कसं दाखवलं. मध्येच म्हणाली, "राजीवभाऊजी, तुमच्या शेजारच्या माणसांना विचारा, आमटी हवी का."

शेजारी मीच होतो. मी म्हटलं, "वाढ की." तिनं पातेलं राजीवच्या हातात दिलं.

जेवण झाल्यावर राजीवनं मला बागेत नेलं. "श्री, किती दिवस झाले?"

"कशाला?"

"अरे उंटावरच्या शहाण्या, अबोला आहे हा! बायकोनं अबोला धरलाय तुझ्याशी!"

मी उडवून लावलं. मग बेडरूममध्ये बसून आठवून पाहिलं. बोटांवर मोजत गेलो. दोन जुलैपासून शैला माझ्याशी एक शब्द बोललेली नाही. सोळा दिवस! आणि मला कळलंही नाही, कारण बोलण्यात खंड असा पडलाच नव्हता. मी बोलतच होतो.

कारण उघड आहे. डायनिंग रूममधला प्रोजेक्टर.

गुरुवार, २३ जुलै

प्रोजेक्टर गॅरेजमध्ये हलवला. फरक नाही. मेथीची तोंड भरून स्तुती केली. फरक नाही. गुलाबांचा मोठा गुच्छ आणला. तिनं तो घेतला, सोडला आणि एकेक फूल देव्हाऱ्यात वाहिलं. देव प्रसन्न दिसत होते.

अबोल्याची म्हणून काही शिस्त असते, ती बाईकडून शिकावी. स्वयंपाक वेळेवर, कपड्यांना इस्त्री, माझ्या ब्लडप्रेशरच्या गोळीची आठवण चिठ्ठीवर. तक्रार करायला कुठे फट नाही. राजीव फोनवर म्हणाला, "तिला विचार ना, का रागावलीस." पण रोगाचं निदान रोग्याला विचारून करायचं नसतं. मी शोधून काढीन.

एक शंका मनात येऊन गेली की प्रोजेक्टर सात तारखेला डायनिंग रूममध्ये लागला आणि अबोला दोन तारखेपासून आहे. पण तिला पूर्वसूचना मिळाली असेल. बायकांना मिळते.

रविवार, २ ऑगस्ट

इथल्या मराठी मंडळाच्या अध्यक्षा सुप्रभाताईंचा फोन. गणपतीच्या कार्यक्रमातलं नाटक बारगळलं. नायकाला नागीण झाली. "डॉक्टर, तुम्ही काहीतरी करा. पण भाषण नको."

मी तात्काळ मूकपट देऊ केला. रविवार ६ सप्टेंबर, दुपारी तीन, शाळेच्या हॉलमध्ये. घोड्यांच्या टापांना मंडळातला रवी तबला वाजवेल. डेनिश पाट्यांऐवजी मराठी कार्डं. लेक्चरला वापरायचो त्या पारदर्शक शीट्सवर लिहायची, ओव्हरहेड प्रोजेक्टरनं चादरीशेजारी टाकायची, आणि मी माइकवर खड्या आवाजात वाचायची. शाळेत असताना मी संगीत सौभद्रातली भाषणं ठोकत असे, तो आवाज अजून शाबूत आहे.

आजच लिहायला बसलो. शीर्षक, "वनराणीची सुटका". पहिलं कार्ड: "हाय रे दैवा! या निर्जन रानी मी एकाकी झुरते आहे!" नवरा येतो तेव्हा: "प्रिये, तुझ्या दुःखाचा आज अंत झाला! चल त्या रत्नखचित नगरीत!" तिच्या चेहऱ्याच्या जवळच्या चित्रानंतर एक डेनिश पाटी येते, पण तिथे मी कार्ड ठेवलं नाही. चेहराच इतका स्वच्छ बोलतो.

सोमवार, १० ऑगस्ट

एस्टेट एजंटचा माणूस येऊन पुढच्या बागेत "फॉर सेल"ची पाटी ठोकून गेला. चांगला सात फुटी खांब. शैला खिडकीतून बघत होती. नजर खांबावरून हलत नव्हती. तिलाही निघायची घाई झालेली दिसते.

बुधवार, १२ ऑगस्ट

पाटी नाहीशी! खांबासकट उपटून नेली. रस्त्यावरची उनाड पोरं, दुसरं कोण. एजंटला फोन केला. तो म्हणाला, असं कधी ऐकलं नाही. शैला चिखलाचे बूट धूत होती. मी तिच्यासमोर पोरांना पाच मिनिटं शिव्या घातल्या. तिनं मान डोलावली. अबोल्याला एकेचाळीस दिवस झालेत. त्यातला हा पहिला होकार.

रविवार, १६ ऑगस्ट

माझं अक्षर डॉक्टरचं. शैलाचं मोत्यासारखं. शनिवारी मंडळाच्या मराठी वर्गात मुलांना ती तेच घोटायला देते. म्हणून मीनलमार्फत निरोप पाठवला, माझी कार्डं शीट्सवर उतरवून देशील का?

मीनल किचनमधून परत आली. "आई येस म्हणते. पण तिला फिल्म बघायचा आहे. टाइमिंगसाठी."

"तिला प्रोजेक्टर चालवता येईल?"

"बाबा, ती तीस वर्ष तुमच्याबरोबर राहिली. मशीन इज ईझी."

पोरगी कधी काय बोलेल नेम नाही. पण मी सुखावलो. आईबाप, मुलगी, सगळे एका कामाला लागलो आहोत.

शुक्रवार, २१ ऑगस्ट

शैलाचे तीन दिवस दुपारभर गॅरेजमध्ये खेळ चालू आहेत. दारातून प्रोजेक्टरची घरघर ऐकू येते. मध्येच थांबते, मागे जाते, पुन्हा सुरू होते. आत गेलो तर दार आतून बंद.

डायनिंग टेबलावर लायब्ररीचं जाडजूड पुस्तक दिसलं. डेनिश-इंग्लिश डिक्शनरी. दुसऱ्या लायब्ररीतून मुद्दाम मागवलेली. पुण्याला जाताना वाटेत कोपनहेगन बघायचा बेत दिसतोय! अबोला आहे, पण मनातून प्रवासाची तयारी सुरू आहे. मी ट्रॅव्हल एजंटकडून माहितीपत्रकं आणून पुस्तकाशेजारी ठेवली. संध्याकाळी ती मेथीच्या मुळांची माती झटकायला वापरलेली होती.

शुक्रवार, ४ सप्टेंबर

कार्डं तयार. मोठ्या पाकिटात, चिकटपट्टी लावून. मीनल शीट्स बदलायला बसणार आहे. म्हणाली, "बाबा, प्लीज ओपन करू नका, ऑर्डर चुकेल." कशाला उघडू? मजकूर माझाच आहे. पाठ आहे.

फिल्म आज पुन्हा पाहिली. सतरावी वेळ. त्या बाईच्या चेहऱ्यावरची कृतज्ञता दर वेळी नव्यानं भिडते.

रविवार, ६ सप्टेंबर

लिहू की नको, कळत नाही. पण वही दिली आहे तर लिहितो.

हॉल भरला होता. ऐंशी-नव्वद माणसं. आरती झाली, मोदक झाले, शाळेच्या पडद्यांना पिना लावून अंधार केला. मी नेहरू शर्ट घालून माइकपाशी. पहिलं कार्ड उजळलं आणि मी माझ्या खड्या आवाजात वाचलं, "तिची विहीर!"

वाचून झाल्यावर लक्षात आलं की मी हे लिहिलेलंच नाही. तोवर दुसरं आलं होतं. माइक हातात, लोक बघताहेत, न वाचून सांगतो कुणाला? "इथे पहिली दोन वर्षं काही उगवलं नाही. तिसऱ्या वर्षी वाटाणे आले." 'हाय रे दैवा'साठी राखून ठेवलेला थरथरता स्वर वाटाण्यांवर खर्च झाला. लोक हसले. मी मीनलकडे डोळे वटारले. ती शीट्समध्ये डोकं खुपसून बसली होती.

नवरा आला. रवीनं टापा सुरेख वाजवल्या. कागद निघाला. कार्ड आलं, "जागा विकून आलो. उद्या शहरात जायचं. खूश आहेस ना?"

खड्या आवाजात तेही वाचलं.

मग ती बाई. हाताची घडी. चेहरा जवळ, अजून जवळ. इथे मी कार्ड ठेवलेलं नव्हतं. पण उजळलं. शैलाचं मोत्यासारखं अक्षर, चादरीएवढं मोठं. मी वाचलं.

"मला विचारलंत?"

रवीचा तबला थांबला. मग बायकांच्या बाजूला कुणीतरी खुदकन हसलं, मग शेजारची, मग रांगच्या रांग. आणि सुप्रभाताई, देव त्यांचं भलं करो, उभ्या राहून म्हणाल्या, "डॉक्टर, परत वाचा हो. मागे ऐकू आलं नाही."

मी परत वाचलं. या वेळी माइकची गरज नव्हती.

पुढचं सगळं धूसर आहे. पाठलाग सुरू झाला, पोरं ओरडायला लागली, "परत तोच दगड!" कागद फाटला तेव्हा कार्ड आलं, "विहीर तुझी. मी कोण विकणारा?" मी वाचत गेलो. नवऱ्यानं घोडा सोडला. बाई विहिरीच्या काठावर बसली. संपलं म्हणून मी माइक खाली ठेवायला लागलो, तर आणखी एक कार्ड.

"बटाटे या महिन्यात काढायचे आहेत. मदतीला येणाऱ्यानं खणायचा काटा शेडमधून घ्यावा."

हेही मी वाचलं, शेवटच्या पूर्णविरामापर्यंत. टाळ्या थांबेनात. शिट्ट्यासुद्धा वाजल्या. तिसऱ्या रांगेत शैला बसली होती. हाताची घडी घालून, ओठ मिटून, सरळ माझ्याकडे बघत. तो चेहरा मी सतरा वेळा पाहिला होता.

घरी जाताना ती सुप्रभाताईंच्या गाडीतून गेली. माझ्या गाडीत मीनल.

"माझी कार्डं कुठे गेली?" मी विचारलं.

"रिसायकलिंगमध्ये. बाबा, आईनी चीट नाही केला. तिनी प्रत्येक वर्ड डिक्शनरीत बघितला. तेच लिहिला आहे फिल्ममध्ये. फक्त पोटॅटोवाला तिचा आहे."

"आणि 'मला विचारलंत'?"

"तो तर फिल्ममध्येच आहे. तुम्ही इतक्या वेळा बघितला ना?"

पुढे हॅरोपर्यंत कुणी बोललं नाही. त्यातला एक मी होतो.

मंगळवार, ८ सप्टेंबर

काल दिवसभर गॅरेजमध्ये होतो. डिक्शनरी घेऊन. एकेक पाटी थांबवून, एकेक शब्द शोधून पाहिला. पोरगी खरं बोलत होती. वाटाणेसुद्धा खरे आहेत.

एकोणिसाव्यांदा त्या बाईचा चेहरा पाहिला. कृतज्ञता कुठे आहे त्यात? मी काय बघत होतो इतके दिवस? तिसरं रीळ हरवलेलं नाही. तिसरं रीळ नव्हतंच. ती माणसं कुठेही जात नाहीत. घोडा सोडला, कारण जायचं रद्द झालं. डेनिश कारकून बरोबर होता.

एक गोष्ट लिहून ठेवतो, कारण दुसऱ्या कुणाला सांगायची हिंमत नाही. तीस वर्षांत एकाही पेशंटला मी त्याच्या परवानगीशिवाय सुई लावली नाही. फॉर्मवर सही असली तरी थिएटरच्या दाराशी पुन्हा विचारायचो: तयार आहात ना? काही शंका? ओळख ना पाळख अशा माणसांना विचारलं. शैलाला चहाच्या टेबलावर बसवून सांगितलं, दिवाळी पुण्यात. वर समजलो की ती सुखानं गप्प आहे. लाज वाटली. अजून वाटते आहे.

संध्याकाळी एजंटला कळवलं की घर विकायचं नाही. मग उदयला पुण्याला फोन लावला. म्हटलं, फ्लॅटचं रद्द कर, तुझी फार धावपळ झाली असेल.

"कसली धावपळ?" उदय म्हणाला. "फॉर्म माझ्या ड्रॉवरमध्येच आहे. जुलैमध्येच वहिनीचं पत्र आलं होतं. 'तुमच्या दादांनी मला अजून विचारलेलं नाही. विचारतील तेव्हा फॉर्म भरा.' मी वाट बघतोय."

"अरे मग मला सांगायचं नाहीस?"

"दादा, गेल्या महिन्यात तू तीनदा फोन केलास. मला बोलायला मिळालं कुठे?"

शनिवार, १२ सप्टेंबर

सकाळी वेलिंग्टन बूट घेतले. दुकानात माझ्या मापाचे एकच होते, हिरवे. तसाच प्लॉटवर गेलो. मार्चपासून शैलाचा प्लॉट इथे आहे आणि मी पहिल्यांदा आलो होतो. गेटवर केननाच विचारावं लागलं की चौदा नंबर कुठला. त्यांनी मला नीट निरखलं. "तुम्ही डॉक्टर होय," म्हणाले, आणि वाट दाखवली.

मेथीचे दोन वाफे, कोथिंबीर, एका कोपऱ्यात अळू. अळू! या थंडीच्या देशात, प्लॅस्टिकखाली लेकरासारखा सांभाळलेला. आणि मधोमध घेवड्याचा वेल सात फूट उंच चढलेला. कशावर चढलाय म्हणून पाहिलं, तर पानांतून लाल अक्षरं दिसली: "फॉर सेल". मी आजूबाजूला पाहिलं. केन घाईघाईनं आपल्या कांद्यांकडे वळले.

शैला बटाट्यांच्या सरीशी उभी होती. मी शेडमधून काटा घेतला. सवयीप्रमाणे तोंड उघडलं. घरापासून येताना एक छोटंसं भाषण तयार केलं होतं, त्यात तीन मुद्दे होते. काटा जमिनीवर टेकवला. सरी कुठून सुरू होते, बटाटे किती खोल असतात, यातलं मला काहीही माहीत नव्हतं. भाषण गिळलं.

"कुठून खणू?" मी विचारलं.

आणि गप्प राहिलो. मला वाटतं मिनिटभर झालं असेल. इतका वेळ मी जागेपणी कधी गप्प राहिलेलो नाही. शैलानं माझ्या बुटांकडे पाहिलं. मग चेहऱ्याकडे. तिच्या मनात काय चाललंय हे मी ओळखायचा प्रयत्न केला नाही. सांगेल तेव्हा कळेल.

"तिकडून," ती म्हणाली.

बहात्तर दिवसांनी आलेला पहिला शब्द. मी तिकडून खणायला लागलो.